उत्तर न छापणारे पुस्तक

विज्ञानाच्या पाठ्यपुस्तकात 'करून पहा' अशी चौकट असणे ही आता नवलाई राहिलेली नाही. बशीत मेणबत्ती उभी करा, बशीत पाणी घाला, मेणबत्ती पेटवून तिच्यावर काचेचा पेला पालथा घाला. काय होते? एवढे विचारून चौकट संपते आणि लगेच खालच्या ओळीत काय होते ते छापलेले असते. मेणबत्ती विझते, पेल्यात पाणी चढते. ज्या मुलाला वाचता येते त्याला प्रयोग करण्याची गरजच उरत नाही. अनेक पुस्तकांत यापुढे आणखी एक वाक्य वर्षानुवर्षे छापले गेले: जळून गेलेल्या ऑक्सिजनची जागा पाण्याने घेतली, म्हणून हवेत ऑक्सिजन एक पंचमांश असतो. हे स्पष्टीकरण चुकीचे आहे. ज्योतीने तापलेली हवा प्रसरण पावून पेल्याच्या कडेने आधीच बाहेर पडते, ज्योत विझल्यावर उरलेली हवा थंड होऊन आकसते आणि मुख्यतः त्यामुळे पाणी वर येते. एकाऐवजी तीन मेणबत्त्या लावल्या तर पाणी अधिक चढते; पेल्यातला ऑक्सिजन काही वाढलेला नसतो. एखाद्या वर्गाने एक, दोन, तीन मेणबत्त्या लावून आपापली मापे फळ्यावर मांडली असती, तर छापील वाक्याचा फोलपणा तासाभरात कळला असता. पण उत्तर छापलेले असताना मापे कोण मांडणार?

आम्हाला ज्या पुस्तकाबद्दल येथे लिहायचे आहे त्याने उत्तर न छापण्याचे धाडस केले होते. 'बाल वैज्ञानिक' हे त्याचे नाव. सहावी, सातवी आणि आठवीसाठी एकेक भाग, भाषा हिंदी. मध्य प्रदेशातील होशंगाबाद विज्ञान शिक्षण कार्यक्रमाचे ते पाठ्यपुस्तक. या कार्यक्रमाचे नाव आपल्याकडच्या बहुतेक विज्ञान शिक्षकांनी ऐकलेले असते. स्वस्त साहित्यातून प्रयोग, सायकलची व्हॉल्व्ह ट्यूब, आगकाड्या, अशा काही गोष्टी त्या नावाबरोबर आठवतात. आमच्या मते ही आठवण अपुरी आहे. या कार्यक्रमात जे मोलाचे होते ते साहित्याच्या पेटीत नव्हते, आणि जे कच्चे होते तेही पेटीत नव्हते.

थोडा इतिहास सांगायला हवा. १९७२ च्या उन्हाळ्यात होशंगाबाद जिल्ह्यातील (२०२२ पासून या जिल्ह्याचे नाव नर्मदापुरम आहे) १६ माध्यमिक शाळांत हे काम सुरू झाले. रसूलिया येथील फ्रेंड्स रूरल सेंटर आणि बनखेडीजवळची किशोर भारती या दोन स्वयंसेवी संस्थांनी ते हाती घेतले. किशोर भारतीचे संस्थापक अनिल सद्गोपाल हे मुंबईच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेतले काम सोडून तेथे गेले होते. त्याच संस्थेतील आणि पुढे दिल्ली विद्यापीठातील वैज्ञानिक सुट्ट्यांमध्ये येऊन शिक्षकांबरोबर बसू लागले. १९७८ मध्ये राज्य शासनाने जिल्ह्यातील सर्व माध्यमिक शाळांत कार्यक्रम नेला. १९८२ मध्ये 'एकलव्य' ही संस्था स्थापन झाली आणि तिने जबाबदारी घेतली. पुढे सुमारे १५ जिल्हे आणि हजारभर शाळांपर्यंत तो पसरला. जुलै २००२ मध्ये शासनाने तो बंद केला. एवढा पल्ला, तोही सरकारी शाळांमधून, आपल्या देशात दुसऱ्या कोणत्या विज्ञान शिक्षणाच्या प्रयोगाने गाठल्याचे आमच्या पाहण्यात नाही.

आता पुस्तकाकडे येऊ. सहावीच्या भागात 'जड़ और पत्ती' हा पाठ आहे. विषय आपल्या ओळखीचा: सोटमूळ आणि तंतुमूळ, जाळीदार आणि समांतर शिराविन्यास. नेहमीच्या पुस्तकात नियम आधी येतो, दोन उदाहरणे येतात, आकृती येते आणि खाली 'फरक स्पष्ट करा' असा प्रश्न. येथे मुले चार-चारच्या टोळ्यांनी बाहेर पडतात, मुळांसकट रोपे आणतात, पान उजेडाकडे धरून शिरा पाहतात, मूळ धुऊन पाहतात आणि तक्ता भरतात. मग पुस्तक विचारते, या दोन स्तंभांत काही नाते दिसते का? नाते काय ते छापलेले नाही. ते मुलांनी आपल्या तक्त्यावरून लिहायचे.

हे वाचायला सोपे वाटते. पण असा तास घेणाऱ्याला ठाऊक असते की खरी अडचण नियम सापडण्याची नसते. नियम लवकर सापडतो. टाकळा, आघाडा, माठ आणले की जाळी आणि सोटमूळ. दूर्वा, भात, मका आणला की समांतर शिरा आणि तंतुमूळ. अडचण येते ती परसातला अळू एखाद्या टोळीने उपटून आणला म्हणजे. अळू एकदल वनस्पती आहे, मुळे तंतूंसारखी आहेत, पण पानात सरळसरळ जाळी दिसते. दुसरी टोळी पुदिना आणते. पानात जाळी, पण पसरलेल्या खोडाला पेरापेराशी बारीक मुळे. सोटमूळ कोठेच नाही. तिसरी टोळी केळीचे पान आणते आणि त्यांच्यात वाद पेटतो, कारण मधोमध जाड शीर आहे आणि तिच्यापासून कडेकडे निघालेल्या शिरा एकमेकींना समांतर आहेत. याला काय म्हणायचे?

ज्या पुस्तकात नियम छापलेला आहे त्या वर्गात हा अळू 'अपवाद' या एका शब्दाने बाद होतो, किंवा वर्गात येतच नाही. 'बाल वैज्ञानिक'च्या वर्गात तो तक्त्यातच असतो; त्याचे काय करायचे हे ठरवावे लागते. अळू आणि पुदिना हे दोन अपवाद एका जातीचे नाहीत, हे येथे महत्त्वाचे आहे. पुदिन्याचे कोडे मुले स्वतः सोडवू शकतात. रोप बियापासून आले की फांदीपासून, हा प्रश्न विचारला की पुरे. फांदीपासून लावलेल्या जास्वंदीलाही सोटमूळ नसते. अळूचे कोडे मात्र असे सुटत नाही. तेथे 'बहुतेक वेळा' हा शब्द नियमात घालावा लागतो. नियम कोठे 'नेहमी' म्हणतो आणि कोठे 'बहुतेक वेळा' म्हणतो, हे सहावीतल्या मुलाला कळणे ही शाळेतील विज्ञानाची मोठी कमाई आहे असे आम्ही मानतो. फरक स्पष्ट करून ती मिळत नाही.

याच धाग्याचा दुसरा पाठ म्हणजे 'घट-बढ़ और सन्निकटन'. आपल्याकडच्या पुस्तकांत त्याला तोड नाही. एकच वस्तू अनेकांनी मोजली की मापे वेगवेगळी येतात, हा त्याचा विषय. समजा चार टोळ्यांनी एकच बाक मोजले आणि फळ्यावर १२०.१, ११९.६, १२०.४ आणि ९०.२ सेंटिमीटर असे आकडे आले. आपल्या वर्गात यावर प्रश्न येतो, 'बरोबर उत्तर कोणते?' आणि उरलेल्या तिघांना पट्टी धरता येत नाही असे ठरते. खरे तर पहिल्या तीन आकड्यांतला फरक ही कोणाची चूक नाही. पट्टी उचलून पुन्हा ठेवताना, डोळा तिरका धरताना तो येणारच. चौथा आकडा मात्र वेगळ्या कारणाने वेगळा आहे. तीस सेंटिमीटरची पट्टी एकदा कमी मोजली गेली आहे, हे मुले फरक पाहून ओळखतात. घट-बढ वेगळी आणि चूक वेगळी, हा भेद ज्याच्या अंगवळणी पडला तो वर्तमानपत्रातील तापमानाचे वा पावसाचे आकडेही निराळ्या डोळ्यांनी वाचतो. आठवीच्या भागात पुढे 'संयोग और संभाविता' येतो, तो याच वाटेवरचा पुढचा टप्पा आहे. माध्यमिक शाळेत संभाव्यता शिकवण्याचे त्या काळी कोणी मनावर घेत नव्हते.

परीक्षेबद्दल थोडे अधिक लिहायला हवे, कारण आमच्या दृष्टीने या कार्यक्रमाचा कणा तेथे होता. आठवीच्या परीक्षेत मुलांना 'बाल वैज्ञानिक' आणि स्वतःची वही सोबत ठेवायची मुभा होती, आणि लेखी परीक्षेबरोबर प्रत्यक्ष प्रयोगाचीही परीक्षा होती. पुस्तक उघडे ठेवून परीक्षा, हे ऐकून पालकच काय, शिक्षकही दचकत. पण पुस्तक उघडे ठेवायचे तर प्रश्नच बदलावा लागतो, ही त्यातली गोम. त्या धर्तीचा एक प्रश्न आम्ही येथे करून दाखवतो. चार पेल्यांत चवळीचे दहा-दहा दाणे ठेवले. पहिल्यात कोरडे, दुसऱ्यात ओल्या कापडावर, तिसऱ्यात पाण्यात बुडवून, चौथ्यात ओल्या कापडावर पण फ्रिजमध्ये. तीन दिवसांनी अनुक्रमे ०, ९, २ आणि १ दाणे रुजले. या प्रयोगावरून 'दाणा रुजायला उजेड लागतो' असे म्हणता येईल का? कारण द्या. ज्याने पुस्तक पाठ केले आहे त्याला यात काही मदत मिळत नाही. फ्रिजमध्ये अंधार असतो म्हणून एखादा हुशार मुलगा 'होय' म्हणेल. तेथे थंडीही आहे, मग उजेडाचा परिणाम वेगळा कसा काढणार, हे जो लिहील त्याला गुण. असे प्रश्न दरवर्षी नवे तयार करावे लागतात आणि तपासताना उत्तरपत्रिका खरोखर वाचाव्या लागतात. शिक्षकांना यासाठी बसवणे, प्रश्न घडवणे, गुणदानाबद्दल एकमत करणे, हे काम तेथे वर्षानुवर्षे झाले. आपल्याकडे 'कृतियुक्त' पुस्तके आली आणि परीक्षा 'व्याख्या लिहा' याच गावी राहिली. येथेच घोडे पेंड खाते. मुलांना पुस्तकापेक्षा परीक्षा जास्त नीट वाचता येते.

साहित्याच्या पेटीबद्दल दोनच शब्द. फुलाचे भाग सुटे करायला सुयांऐवजी बाभळीचे काटे वापरावेत, हे गावातले शहाणपण तेथे कामी आले. स्वस्त वस्तूचा खरा फायदा पैशाचा नाही. काटा मोडला तर डेडस्टॉक रजिस्टरला खुलासा द्यावा लागत नाही, म्हणून तो मुलांच्या हातात जातो. किमती भिंग मात्र कुलपात राहते.

आता उणिवांकडे वळू. स्तुती करणारे लेख या कार्यक्रमावर पुष्कळ आहेत. त्यांत ही बाजू दबून जाते.

'मुलांनी स्वतः शोधावे' हा विचार साठच्या दशकात इंग्लंडमधील नफील्ड प्रकल्प आणि त्याआधीचे अमेरिकेतील भौतिकशास्त्राचे नवे अभ्यासक्रम यांतून जगभर गेला. होशंगाबादनेही तो उचलला, आपल्या मातीत रुजवला. पण या विचारात एक गृहीत दडलेले आहे: प्रयोग नीट केला की निष्कर्ष आपोआप दिसतो. असे होत नाही. १९८३ मध्ये रोझलिंड ड्रायव्हर यांनी आपल्या पुस्तकातून दाखवले की मुले कोऱ्या डोळ्यांनी प्रयोगाकडे पाहत नाहीत. त्यांच्या मनात आधीच काही कल्पना असतात आणि दिसलेले ती त्या कल्पनेत बसवतात. साधे उदाहरण घ्या. टॉर्चचे दोन दिवे एकापुढे एक जोडून सेलला लावले. विजेचा प्रवाह पहिल्या दिव्यात काहीसा 'खर्च' होतो, ही बहुतेक मुलांची समजूत असते. दिवे अगदी सारखे नसतात, म्हणून एखाद्या टोळीत पहिला दिवा थोडा जास्त उजळ दिसतो. झाले, समजूत पक्की! दिव्यांची अदलाबदल करून पाहिली की कळते, उजेड जागेमुळे नव्हे, दिव्यामुळे बदलत होता. पण अदलाबदल करा असे सुचणार कोणाला? ज्याला मुलांची मूळ समजूत ठाऊक आहे अशा शिक्षकालाच. म्हणजे उत्तर न छापणारे पुस्तक शिक्षकावर उत्तर छापणाऱ्या पुस्तकाहून कितीतरी जास्त अवलंबून असते. 'बाल वैज्ञानिक' आपल्या पानांवर हे पुरेसे कबूल करत नाही.

दुसरी उणीव अभ्यासक्रमाच्या निवडीत आहे. जे वर्गात करून पाहता येत नाही ते टाळायचे, हे धोरण प्रामाणिक होते, आणि त्यातूनच अणुरचनेसारखे विषय माध्यमिक टप्प्यावरून बाजूला पडले. अकरा वर्षांच्या मुलाला इलेक्ट्रॉनच्या कक्षा पाठ करायला लावण्यात काही अर्थ नाही, इथवर आम्ही सहमत आहोत. पण विज्ञान केवळ निरीक्षणांच्या बेरजेने होत नाही. न दिसणाऱ्या गोष्टीची कल्पना करायची आणि ती दिसणाऱ्या गोष्टीवर तपासायची, हीही त्याची रीत आहे. पाण्यात मीठ विरघळले की कोठे गेले, या प्रश्नाला 'कणां'च्या कल्पनेशिवाय उत्तर नाही, आणि सातवीतले मूल हा प्रश्न विचारतेच. नावे आणि संकेत यांचेही तसेच. 'परागकोश' हा शब्द कोणी प्रयोग करून शोधू शकत नाही. तो सांगावाच लागतो. काय सांगायचे आणि काय शोधू द्यायचे याची रेषा या पुस्तकात काही ठिकाणी चुकीच्या जागी पडली आहे असे आम्हाला वाटते.

आणि गैरहजर मूल? सोयाबीनच्या काढणीत आठ दिवस शाळेत न आलेल्या मुलीला नेहमीचे पाठ्यपुस्तक निदान वाचता येते. या पुस्तकात तिच्यासाठी रिकामे तक्ते आणि प्रश्नचिन्हे. घरी कोणी शिकलेले नसेल तर तिने कोणाला विचारायचे? याचे एक उत्तर कार्यक्रमाने काढले होते: 'सवालीराम' या काल्पनिक गृहस्थाला मुलांनी पत्र लिहायचे आणि त्याच्या नावाने उत्तर यायचे. कल्पना गोड आहे आणि मुलांनी तिच्यावर प्रेमही केले. पण पोस्टाने येणारे उत्तर चुकलेल्या आठ दिवसांची भरपाई करू शकत नाही.

शिक्षकांना मात्र एकटे सोडले नव्हते. उन्हाळी प्रशिक्षण, त्यात शिक्षकांनी स्वतः प्रत्येक प्रयोग करणे, मासिक बैठका, शाळांना भेटी, 'होशंगाबाद विज्ञान' हे पत्रक अशी सगळी व्यवस्था होती. पुस्तकाच्या आवृत्त्या बदलताना शिक्षकांच्या तक्रारी विचारात घेतल्या गेल्या. एवढा आधार असूनही बदलून आलेला नवा शिक्षक, संपलेली रसायने, न झालेली बैठक यांतून कितीतरी वर्गांत 'बाल वैज्ञानिक' पाठ करायचे पुस्तक बनले; बाजारात त्याची गाइडे मिळू लागली. रिकाम्या जागांची उत्तरे छापून विकणारा माणूस आपल्या शिक्षणव्यवस्थेत कोठेही पोहोचतो.

२००२ मध्ये कार्यक्रम बंद करताना विरोधकांनी सांगितलेले कारण होते की या मुलांना पुढच्या वर्गांत विज्ञान जड जाते आणि जिल्हा मागे पडतो. हा आक्षेप उडवून लावण्यासारखा नाही. कार्यक्रम आठवीला संपत होता. नववी-दहावीत तीच जुनी पुस्तके आणि तीच पाठांतराची परीक्षा. तीन वर्षे कारणे द्यायला शिकलेल्या मुलाला तेथे व्याख्या विचारल्या जात. पण या विसंगतीवर दोन उपाय संभवतात. नववी-दहावीची परीक्षा बदलणे हा एक, आणि सहावी-आठवीचे विज्ञान जुन्या वळणावर नेणे हा दुसरा. शासनाने दुसरा निवडला. मुलांना काय येत होते आणि काय येत नव्हते याची उघड तपासणी करून, शिक्षकांना विचारून निर्णय झाला असता तर तो आम्हाला न पटताही आम्ही मानला असता. तीस वर्षांचा प्रयोग मध्येच थांबवताना त्याच्या निष्कर्षांची वाट न पाहणे हे विज्ञान शिक्षणाच्या बाबतीत तरी शोभणारे नव्हते. अवघ्या तीन वर्षांनी, २००५ साली, यशपाल यांच्या अध्यक्षतेखालील राष्ट्रीय अभ्यासक्रम आराखड्याने मुलांनी स्वतः ज्ञान रचण्याची भाषा साऱ्या देशासाठी स्वीकारली. होशंगाबादच्या शाळांत तेव्हा राज्याची नेहमीची पुस्तके चालू होती.

महाराष्ट्रात या कार्यक्रमातले काय आले? १९७८ मध्ये पुण्याच्या टेल्कोतून रजा घेऊन अरविंद गुप्ता होशंगाबादला गेले. आगकाड्या आणि व्हॉल्व्ह ट्यूब यांची जोडणी तेथलीच. पुढे पुण्यात आयुकाच्या मुक्तांगण विज्ञान शोधिकेतून त्यांनी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी टाकाऊ वस्तूंची खेळणी घरोघर पोहोचवली. हे काम मोठे आहे. परंतु आपल्या शाळांनी त्यातले खेळणे तेवढे घेतले. विज्ञान प्रदर्शनाच्या दिवशी टेबलावर मांडायला ते छान दिसते. टोळीटोळीचे आकडे फळ्यावर येणे, न जुळणाऱ्या आकड्यावर थांबणे, उघड्या पुस्तकाची परीक्षा, यांतले काहीच खेळण्याबरोबर आले नाही. 'करून पहा' चौकटीखाली छापलेली ओळ त्यामुळे सुखाने नांदते आहे.

ज्या शिक्षकांना 'जड़ और पत्ती' आपल्या वर्गात करून पाहायचा असेल त्यांनी तो जुलै-ऑगस्टमध्येच घ्यावा. पाऊस झालेल्या जमिनीतून रोप मुळासकट अलगद येते. दिवाळीनंतर माती घट्ट झाली की सोटमूळ मध्येच तुटते, वरची बारीक मुळे तेवढी हाती लागतात आणि मूल प्रामाणिकपणे तक्त्यात 'तंतुमूळ' लिहिते. अळू, पुदिना आणि केळ मुलांनी आपणहून आणली नाहीत तर शिक्षकांनी स्वतः पिशवीत घालून न्यावी, पण फळ्यावर निदान वीस रोपांच्या नोंदी झाल्याशिवाय ती बाहेर काढू नयेत.